कमांडर गोरलांनी दिलेला शब्द

॥ श्री चांगळेश्वरी प्रसन्न ॥
येळ्ळूर, ता. ९ नोव्हेंबर १९४२

चि. भावकूस नागुबाईचा अनेक आशीर्वाद.

पत्रास कारण की, मष्णू आता अठराचा झाला. त्याचा बा गेल्यापास्नं दोन सुग्या त्यानंच वडल्या, पर त्याचं चित्त रानात न्हाय. मॅट्रिकला दोनदा बसला, दोन्ही येळा इंग्रजीत गेला. आता बेळगावात पलटणीच्या भरतीभवती घिरट्या घालालाय. पलटणीचं मला लई भ्या वाटतंय रं. त्यापरास तुझ्या आरमारात घे त्याला. मामाच्या नजरंखाली तरी ऱ्हाईल.

तू अनवाणी बेळगावच्या शाळंला जायाचास आणि सांजचं पाटीवर मला अक्षरं काढून दावायचास. त्याच अक्षरात हे लिवालोय. तू शिकाऊ जहाजावर गेलास तवा आप्पानं गावभर साखर वाटली. विलायतेस्नं ल्हेप्टनंट हून आलास तवा येशीपास्नं बैलगाडीतनं तुला मिरवला. मरोस्तर आप्पाचं एकच पालुपद, "माझ्या भावकूला गोरा शिपाई सल्लाम ठोकतोय." मष्णू त्येच ऐकत वाढला. तुझा टोपीतला फोटो हाय न्हवं, त्याच्याखालीच बसून जेवतो.

न्हाय म्हणू नगस. एकच ल्योक हाय मला.

तुझी आक्का,
नागुबाई

*

मुंबई, २८ नोव्हेंबर १९४२

ती. आक्कास सा. न. वि. वि.

पत्र पोहोचलं. मष्णूला पाठव. लढाईमुळे माणसं हवीच आहेत. त्याला बिनतारी संदेशाचं काम शिकवण्याची व्यवस्था करतो. त्यात डोकं लागतं, आणि माणूस तोफेपासून जरा लांब राहतो.

एक गोष्ट मात्र त्याला नीट समजावून पाठव. इथे तो खलाशी आणि मी अधिकारी. चारचौघांत त्यानं मला मामा म्हणायचं नाही, माझ्या खोलीवर यायचं नाही, नातं कुणालाही सांगायचं नाही. आम्ही हिंदी अधिकारी बोटांवर मोजण्याइतके. एक चूक झाली की गोरे म्हणणार, ‘पाहा, आपली माणसं भरतोय.’ तेरा वर्षं मी प्रत्येक पाऊल जपून टाकलं आहे.

हे तुला कठोर वाटेल. त्यात त्याचंही भलं आहे.

तुझा,
भावकू

*

येळ्ळूर, १७ मे १९४४

चि. भावकूस आशीर्वाद.

मष्णू पंधरा दिसांच्या रजेवर आलता. खांद्यानं रुंद झालाय. बसल्या जागी बोटं टकटक वाजवत असतो, म्हनतो तारंची भाषा हाय. तुझ्याबद्दल इचारलं तर म्हनला, "मामा लई मोठा माणूस हाय गं आई."

"बोलतो काय तुझ्यासंगं?"

"सायेब खलाशासंगं कशाला बोलंल?" म्हनला आणि हसला. मला ते हसू आवडलं न्हाय.

पयल्या दिशी भाताचं ताट फुडं ठेवलं तर बोटानं भात चाळाय लागला. म्हटलं, काय हुडकालास? तर म्हनला, "खडं. सवय लागलीया." आपल्या मळ्यातल्या बासमतीत माझं पोर खडं हुडकालंय! तुमच्यात असला भात घालत्यात काय रं? मष्णू म्हनतो सायबांच्यात येगळं शिजतं. तसं आसंल तर तू तरी वर सांग कुनाला. तू भात पिकवणाऱ्याचा ल्योक.

त्याच्यासंगं एक दोस्त आलता, उचगावचा शामू पावशे. तुमच्यातच भांडारात कामाला हाय म्हणं. राजाबाईचा एकुलता. मान खाली घालून बोलतो, गरीब सभावाचा. दोघांनी मिळून बांध घालून दिला.

तुझी आक्का

*

मुंबई, ८ जून १९४४

ती. आक्कास सा. न. वि. वि.

कळवायला आनंद वाटतो की मला लेफ्टनंट-कमांडरची बढती मिळाली. आपल्या बाजूच्या कुणाला आजवर ही जागा मिळालेली नाही. आप्पा असते तर, असं वाटून गेलं.

जेवणाबद्दल मष्णूनं थोडं वाढवून सांगितलं आहे. युद्धाचे दिवस आहेत, सगळीकडेच टंचाई आहे. तरी मी वर लेखी कळवलं आहे. खलाशांच्या तक्रारी ठरलेल्या वाटेनं वर यायच्या असतात, घरच्या पत्रांतून नव्हे, एवढं त्याला सांग.

तुझा,
भावकू

*

येळ्ळूर, २ मार्च १९४६

चि. भावकूस आशीर्वाद.

बेळगावास्नं आलेल्या माणसानं वर्तमानपत्र वाचून दावलं. मुंबैत खलाशांनी काम बंद केलं, जहाजावर आपली निशाणं लावली, गोळ्या चालल्या, रस्त्यात माणसं मेली. दहा दिस झालं, मष्णूचं पत्र न्हाय. तुझंबी न्हाय. उचगावास्नं राजाबाई चालत आलती. "तुझा भाऊ सायेब हाय, त्याला इचार माझा शामू कुटं हाय," म्हणून माझ्या उंबऱ्यावर बसली. तिला काय सांगू?

दोन वळी तरी लिव. जिता हाय एवढं लिवलंस तरी बास.

नागुबाई

*

मुंबई, १२ मार्च १९४६

ती. आक्कास सा. न. वि. वि.

मष्णू सुखरूप आहे. शामूही. दोघांना दूरच्या कामगिरीवर पाठवलं आहे. तिथून पत्र पाठवता येत नाही. जे झालं त्याबद्दल गावात कुणाशी बोलू नकोस. वर्तमानपत्रांत येतं ते सगळंच खरं नसतं.

मी कामात आहे.

भावकू

*

येळ्ळूर, २० जुलै १९४६

चि. भावकूस.

मष्णू परवा आला. दूरच्या कामगिरीवरनं न्हवं, तुरुंगातनं. मुंबैभायेर छावणीत पाच म्हैनं डांबलं हुतं, आणि मग ‘काढून टाकला’ असा कागद हातात दिऊन गाडीत बसवलं. पोटऱ्या काटकीगत झाल्यात. शामूचंबी तसंच. त्याचा खोकला अजून ऱ्हाईना.

तुला हे ठाव न्हवतं काय? का ठाव असून लिवलंस?

मष्णू जास्त सांगत न्हाय. दोन दिस मागं लागलो तवा एवढं बोलला. पाच दिस त्यांनी काम बंद ठेवलं. फाटकाभायेर गोरी पलटण मशीनगन लावून बसलीती. मग आपल्यातलाच एक सायेब फाटकाशी आला आणि त्यानं शब्द दिला, भायेर या, एकाबी माणसाला हात लागनार न्हाय. त्या शब्दावर हे समदे भायेर आले. आणि त्याच सायबानं चौकशीत नावं सांगितली.

"कोण रं त्यो?" म्हटलं. "हुता एक सायेब," म्हनला आणि गोठ्यात गेला.

भावकू, तुमच्यात आपले सायेब असे किती असतील? तू त्याला वळखत असशील. मला त्याचं नाव कळव. मला काय करायचं न्हाय, माझ्या हातात काय हाय? पर ज्याच्या आईनं असला ल्योक वाढवला तिच्या नावानं एकदा रडावं असं वाटतंय.

नागुबाई

*

मुंबई, ४ ऑगस्ट १९४६

ती. आक्कास सा. न. वि. वि.

तुला काळजी वाटू नये म्हणूनच मार्चमध्ये तसं लिहिलं. क्षमा असावी.

तू विचारतेस तो अधिकारी कोण, हे मला सांगता येणार नाही. चौकशीची माहिती गुप्त असते. मष्णूनं हा विषय मनातून काढून टाकावा. खानापूरच्या लाकूड-वखारीत माझ्या ओळखीचे गृहस्थ आहेत, त्यांना लिहिलं आहे. कामाचं होईल.

भावकू

*

येळ्ळूर, ११ जुलै १९४७

चि. भावकूस आशीर्वाद.

खानापूरच्या वखारीचं काम मष्णूनं घेतलं न्हाय, ते तुला गेल्या सालीच कळवलं हुतं. तो रानातच हाय. तुझं पत्र मग आलंच न्हाय.

आता गावच्या सांगण्यावरनं लिवालोय. तू कमांडर झालास म्हणून पेपरात आलं. चावडीवर मोठ्यानं वाचलं. येत्या पंधरा ऑगस्टला इंग्रज जानार, त्या दिशी आपल्या शाळंपुढं झेंडा तुझ्या हातनं चढवायचा असं गावानं ठरवलंय. लेझीम, हलगी, समदं ठरलंय. गावकरी मष्णूला म्हनले, तू आरमारात हुतास, तू मामाबद्दल दोन शब्द बोल. मला वाटलं, न्हाय म्हनंल. तर "व्हय, बोलतो," म्हनला.

गावाचं सांगणं मी तुला कळवलं. यायचं का न्हाय ते तुझं तू ठरव.

नागुबाई

*

मुंबई, २७ जुलै १९४७

आक्का,

तू विचारलेला तो साहेब मीच. गेल्या ऑगस्टमध्येही हे वाक्य लिहिलं होतं आणि फाडून टाकलं होतं. आता क्रमानं सांगतो. मध्ये थांबलो तर पुन्हा फाडीन.

जेवणाबद्दल वर लेखी कळवलं असं मी तुला लिहिलं होतं. मी काहीच कळवलं नव्हतं.

दंग्याच्या आधी महिनाभर मी भोजनगृहाच्या पाहणीला गेलो. बरोबर माझे इंग्रज वरिष्ठ होते. खलाशी ताटं घेऊन रांगेत उभे. मष्णू एक पाऊल पुढे आला आणि ताट माझ्यासमोर धरून म्हणाला, "साहेब, हे बघा." भातात खडे होते, आमटीवर किडे तरंगत होते. वरिष्ठ माझ्याकडे पाहत होते. मी मराठीत म्हणालो, "घरी काय बासमती खात होतास?"

आक्का, खात होता. ते मला ठाऊक होतं आणि मला ठाऊक आहे हे त्याला ठाऊक होतं. मागची काही पोरं हसली. तो "येस सर" म्हणून रांगेत परत गेला. मी पुढच्या ताटाकडे वळलो.

फेब्रुवारीत काम बंद पडलं. पाचव्या दिवशी वरिष्ठांनी मला बोलावलं. म्हणाले, "तू त्यांच्या भाषेत बोल. काय हवं ते वचन दे, पण त्यांना बाहेर काढ." ‘वचन पाळणार ना?’ हे माझ्या ओठांवर आलं होतं. विचारलं नाही, कारण उत्तर मला माहीत होतं.

मी भोंगा घेऊन फाटकाशी गेलो. आत बराकीच्या गच्चीवर त्यांचा पुढारी उभा होता. मष्णू. तो वरून ओरडला, "शब्द देताय काय, साहेब?"

"देतो," मी म्हणालो. "एकाही माणसाला हात लागणार नाही."

त्याला मागच्यांना सांगता आलं असतं की हा माझा मामा आहे, माझ्या आईच्या पाठचा आहे. त्यानं नातं काढलं नाही, मी घातलेली अट त्या वेळीही पाळली. एवढंच म्हणाला, "ह्या साहेबांचा शब्द मी मानतो." दीडशे माणसं त्याच्यामागून हात वर करून बाहेर आली. तासाभरात सगळ्यांना लॉरीत घातलं.

चौकशीत मला विचारलं, "गच्चीवरून बोलणारा कोण? त्याच्याशी तुम्ही बोललात." मष्णूचं नाव सांगितलं तर माझं नातं बाहेर येणार होतं. तुला काय तोंड दाखवू, हेही मनात आलं, पण नंतर. आधी नोकरीच आली. मी म्हणालो, "शामू पावशे."

शामू पाचही दिवस गच्चीवर चढलाच नव्हता. भांडारात बसून आजाऱ्यांना पेज करून देत होता.

नावं वाचून दाखवली तेव्हा मष्णू उभा राहिला. "गच्चीवर मी होतो. शामू भांडारात होता. त्याला सोडा." चौकशीचे साहेब माझ्याकडे वळले. तेव्हा तरी मला खरं सांगता आलं असतं. पण मग माझी आधीची जबानी खोटी ठरली असती. मी म्हणालो, "दोघेही होते."

मष्णू माझ्याकडे बघत राहिला. शामूनं वर पाहिलंच नाही.

माझ्या कागदांवर शेरा पडला, ‘आणीबाणीत धैर्य आणि संयम दाखवला.’ त्या शेऱ्यावर मी कमांडर झालो. ती बातमी गावानं चावडीवर वाचली.

मी पंधरा ऑगस्टला येत नाही. मष्णू काय बोलेल याची भीती वाटते म्हणून नाही. तो माझ्याबद्दल चांगलंच बोलेल, याची वाटते.

भावकू

*

येळ्ळूर, १९ ऑगस्ट १९४७

भावकू,

तुझं पत्र मी चार येळा वाचलं. मला गेल्या सालीच संशय आलता. मष्णू गोठ्यात गेला तवाच. म्हणून तर तुला नाव इचारलं. तू खरं लिवशील म्हणून सालभर वाट बघिटली.

मष्णूला इचारलं, मला का सांगितलं न्हाईस? म्हनला, "तुला एकच भाऊ हाय आई. मला दुसरा सायेब मिळंल, तुला दुसरा भाऊ कुठनं आणू?" मग मी इचारलं, झेंड्याच्या दिशी काय बोलनार हुतास? म्हनला, "सांगनार हुतो, मामानं फाटकाशी मला काय शब्द दिला ते. फुडचं त्यानंच सांगायचं हुतं, समद्या गावाफुडं."

झेंडा शाळंच्या मास्तरांनी चढवला. तू आजारी हाईस असं मी गावाला सांगितलं. आयुष्यात पयल्यांदा चावडीवर खोटं बोललो, तेबी तुझ्यापायी.

माझ्याकडं माफी मागू नगस. मष्णूनं जे केलं ते कबूल करून केलं, त्यानं शिक्षा मान ताठ ठेवून भोगली. शामूनं काय केलं हुतं? तो कागद बघून त्याला कुटं कामाला ठेवत न्हाईत. ठरलेलं लगीन मोडलं. उचगावात पोरं त्याला फितूर म्हनत्यात, कारण तो कायबी बोलत न्हाय, आणि गप बसणाऱ्याबद्दल लोक वाटंल ते बोलत्यात. राजाबाई अजून मला म्हनती, तुझ्या भावाला सांगून कायतरी कर.

तर कर.

नागुबाई

*

बेळगाव, १९ ऑक्टोबर १९४७

ती. आक्कास सा. न. वि. वि.

हे पत्र बेळगावातून लिहितो आहे. उद्याच्या गाडीनं परत जाईन. येळ्ळूर एवढं जवळ, तरी पाय वळला नाही.

सप्टेंबरात मी वर लेखी दिलं की माझी जबानी खोटी होती, शामू पावशे निर्दोष आहे, मला जी शिक्षा असेल ती व्हावी. सोबत राजीनामा जोडला. वरिष्ठांनी बोलावून बसायला सांगितलं, चहा मागवला. म्हणाले, "गोरल, ती फाईल बंद झाली. त्या दंग्यातल्या कुणालाच परत घ्यायचं नाही, असं ठरलंय. आणि तुझ्यासारखे अनुभवी अधिकारी आहेतच किती? नव्या देशाला तू हवा आहेस." राजीनामा त्यांनी माझ्या हातात परत दिला. मी शिक्षा मागायला गेलो होतो आणि चहा पिऊन आलो.

मग जबानीची नक्कल सही-शिक्क्यानिशी तयार केली आणि आज उचगावला गेलो. साध्या कपड्यांत, चालत. शामू अंगणात दोरी वळत होता. मला ओळखताच ताडकन उभा राहिला आणि हात कपाळाकडे न्यायला लागला. मी तो हात धरला.

राजाबाईनं गूळपाणी आणलं. मी म्हटलं, "आधी ऐका, मग द्या." शेजारपाजारचे आठदहा जण जमले होते. त्यांच्यासमोर मी कागद वाचला, मराठीत, एकही ओळ न गाळता. शामू सतरंजीकडे बघत ऐकत होता. वाचून झालं. मग त्यानं पहिल्यांदा वर पाहिलं.

"साहेब, दीडशे माणसं हुती. माझंच नाव का घातलंसा?"

या प्रश्नाची तयारी मी केली नव्हती. खोटं सुचत होतं. मी खरं सांगितलं, "कारण तुझंच नाव मला येत होतं. आक्कानं एकदा पत्रात लिहिलं होतं. बाकीच्यांची नावं मी कधी विचारलीच नव्हती."

तो म्हणाला, "म्हंजे तुमच्या आक्काच्या बांधावर काम केलं, त्याचं हे."

ते रागानं म्हणाला असता तर बरं झालं असतं. हिशेब समजल्यासारखं म्हणाला. कागद त्यानं घडी करून आईकडे दिला. राजाबाईनं गूळपाणी उचलून परत आत नेलं. तिथून मी बाहेर पडलो. मागून कुणी हाक मारली नाही, शिवी दिली नाही, दगड मारला नाही.

आक्का, घरी यायचं तोंड मला नाही. तू म्हणशील तसं.

भावकू

*

येळ्ळूर, २ नोव्हेंबर १९४७

चि. भावकूस.

उचगावचं समदं कानावर आलं. लोक आता शामूला फितूर म्हनत न्हाईत. गावच्या पंचांनी तुझा कागद वाचला आणि शाळंच्या बांधकामावर त्याला मुकादम म्हणून घेतलं. मोडलेलं लगीन काय जुळलं न्हाय, त्या पोरीचं दुसरीकडं झालं. खोकलाबी हायच. जे गेलं ते कागदानं येत न्हाय, हे तुलाबी कळत आसंल.

राजाबाई मला भेटायला आली न्हाय. मीच गेलो. माझ्या पत्रातनं तिच्या पोराचं नाव तुला कळलं, ते मला गिळवंना. तिच्या पायाला हात लावला. तिनं पाय वढून घेतलं, पर बस म्हनली.

मष्णूला तुझं पत्र वाचून दावलं. तो म्हनला, "आला तर मी घरातच असंन. बोलीन का न्हाय ते आताच सांगत न्हाय." मी त्याला जोर केला न्हाय.

भाऊबीज चौदा तारखंला हाय. सहा सालं तू आला न्हाईस, मनीआर्डर धाडत आलास. औंदा मनीआर्डर धाडलीस तर परत लावून दीन. शामूला बहीण न्हाय. मी त्याला ओवाळायला बलवलंय, आणि तो येतो म्हनलाय. घरात पाट एकच हाय. आदी त्यावर शामू बसंल. तो उठल्यावर त्याच पाटावर तुला बसायचं आसंल तर ये.

आक्का